वजीर सोडून घोडा

माझे धाकटे दीर शेषराव कोंडीबा पाईकराव. हिंगोलीत आज कोणाला त्यांचं नाव विचारलं तर लोक जिनिंगच्या फाटकाकडे बोट करतात. तिथं भिंतीला टेकून एक माणूस बसलेला असतो. भुवयांत कापूस अडकलेला, आणि बोलण्याआधी खोकणारा. पाच-सहा वर्षांमागं वाशिमपासून परभणीपर्यंत बुद्धिबळात ह्याच माणसाचं नाव होतं, असं सांगितलं तर नवी माणसं माझ्या तोंडाकडे बघत राहतात. मी त्यांची भावजय. पुरुषांच्या पटाजवळ बायकांनी उभं राहायची रीत नव्हती, त्यामुळं खेळताना मी त्यांना फारसं पाहिलं नाही. पण जेवायला ते रोज माझ्या चुलीपुढं बसत, आणि डाव कसा झाला ते भाकरीचे तुकडे मांडून मला दाखवत. मला त्यातलं थोडं कळायचं, बाकीचं त्यांच्या तोंडावरून कळायचं.

खेळ घरात आणला तो माझ्या सासऱ्यांनी, कोंडीबांनी. निजामाच्या राज्यात ते कळमनुरीच्या कचेरीत पंखा ओढायला होते. छताच्या पंख्याची दोरी भिंतीतल्या भोकातून बाहेर ओसरीवर यायची. ती पायाच्या अंगठ्याला बांधून सासरे तिथं बसायचे. आत जायची त्यांना मनाई. पण उन्हाळ्यात दुपारी काम नसलं की आत तहसीलदारसाहेब आणि त्यांचा कारकून, पेशकार, पट मांडून बसत, आणि पट नेमका त्या भोकासमोर येई. पंखा थांबला की आतून शिवी यायची, म्हणून पाय हलत राहायचा आणि डोळा भोकाला लागलेला असायचा. "पाय सरकारचा, डोळा माझा," असं ते आम्हाला हसून सांगायचे. असा एका डोळ्यानं त्यांनी सारा खेळ उचलला. घरी येऊन चिकणमातीची मोहरी केली, भाजली, आणि पुढं दोन्ही लेकांना शिकवलं. आमच्या ह्यांना तो जेमतेम आला. शेषरावभाऊजींना मात्र तो असा आला की बापच दोन वर्षांत हरायला लागला, आणि हरून खूश व्हायला लागला.

त्या कचेरीतल्या पटाचे कायदे जुने, देशी. प्यादं पहिल्या चालीलाही एकच घर सरकायचं. आणि पलीकडच्या शेवटच्या घरात पोचलं की ते ज्याच्या रांगेतून आलं, तेच मोहरं व्हायचं. हत्तीच्या रांगेतलं हत्ती, उंटाच्या रांगेतलं उंट. मनात आलं म्हणून वजीर करता येत नसे. घोड्याच्या रांगेतलं प्यादं घोडा व्हायचं, पण त्याला तिथं एक जास्तीचा मान होता. घोडा झाल्याबरोबर, त्याच चालीत, त्यानं एक उडी मारायची. समोरच्याची पाळी त्यानंतर. सासरे शिकवताना म्हणायचे, "एवढं चालत आलेल्याला उंबऱ्यात उभं करू न्हाई. लगोलग आत घ्यावं."

ती उडी भाऊजींच्या हातात बसली होती. डावाच्या सुरुवातीपासून ते घोड्याच्या रांगेतलं एक प्यादं जपत. लोकांचं लक्ष वजिराकडे, हत्तीकडे असायचं, आणि हे प्यादं कडेकडेनं गुपचूप वर चढायचं. मग शेवटच्या घरात घोडा, आणि त्याच हातानं उडी, आणि मात. बघणारे "आगागागा" करून उठायचे. एकदा माझं दूध उतू जाऊन चुलीत पडलं तर मागून म्हणाले, "वयनी, तुमच्या राजाला शह बसला, पयले त्याला हलवा." असा त्यांचा स्वभाव. जिनिंगमध्ये हंगामाचं काम, बाकीचे महिने मिळेल ते. कोणाच्या अध्यात नाही की मध्यात नाही. विहारात पौर्णिमेला वंदनेला येत, पंचशील घेत, आणि खोटं बोलत नसत. एवढं खरं बोलत की कधी कधी आम्हाला त्याची तकलीफ व्हायची.

आखाडा बाळापूरच्या नरसिंग खिल्लारेंची पंचफुला त्यांना केली. पोरगी कामाला वाघीण, बोलायला मऊ. तिला वाटलं, नवऱ्याला विडी नाही, दारू नाही, नुसता एक खेळ आहे, असू द्यावा. मला एकदा म्हणाली, "आक्का, दुसऱ्यांचे नवरे रात्री बाहेर जातात, माझे मालक घरात बसून, डोळे उघडे ठेवून बाहेर जातात." आम्ही दोघी खूप हसलो होतो. एका वर्षात सुजाता झाली.

मग तो दुष्काळ आला. जिनिंग बंद. आमचे हे रेल्वेच्या गँगवर होते म्हणून घरात रेशनची लाल ज्वारी तरी येत होती. पंचफुला वाशिम रस्त्याच्या दुष्काळी कामावर खडी फोडायला जायची. सुजाताला लिंबाच्या झाडाखाली झोळीत टाकायची आणि समोर बसून हातोडा चालवायची. पाणी टँकरचं, पिंपात साठवलेलं, वरून धुळीचा थर. भाऊजी त्याच कामावर होते. चैत्र लागला तसा वाशिमहून निरोप आला की तिथं देशी कायद्यानं मोठी चढाओढ लावली आहे, दूरदूरचे खेळणारे येणार आहेत. भाऊजी पंचफुलाला म्हणाले, "तीन दिवसांचा प्रश्न हाय. जाऊन येऊ काय?"

ती म्हणाली, "जावा. इथं तरी काय, दगडच हायेत."

ते गेले त्याच्या दुसऱ्या दिवशी सुजाताला उलट्या आणि हगवण लागली. सकाळी लेकरू हसत होतं, उन्हं चढेपर्यंत त्याचे डोळे आत गेले. दवाखान्यात नेलं तर बाहेर रांग, सगळ्यांच्या मांडीवर तसलीच लेकरं. आमचे हे मिळाली ती गाडी पकडून वाशिमला गेले. तिथं काय झालं ते ह्यांनी मला आल्यावर सांगितलं, आणि पंचफुलानं ते दाराआडून ऐकलं.

हे शाळेच्या त्या खोलीत शिरले तेव्हा भाऊजींचा डाव रंगात होता. ह्यांनी खांद्यावर हात ठेवून सांगितलं, "शेषा, लेकरू लई आजारी हाय. ऊठ, परतीची गाडी लागून राहिली."

भाऊजींनी वर पाहिलं. ह्यांच्याकडे पाहिलं, मग पटाकडे. "एवढा डाव होऊ दे दादा. झालाच हाय. मंग निघू."

"गाडी सुटते रे."

"झालाच हाय."

डाव झाला. भाऊजी जिंकले. गाडी सुटून गेली होती. पुढची गाडी मिळून दोघं घरी आले तोवर आम्ही सुजाताला आंघोळ घालून पांढऱ्या फडक्यात ठेवलं होतं. भाऊजी दारात उभे राहिले. पंचफुला रडली नाही. तिनं त्यांच्या पायांकडे पाहिलं आणि म्हणाली, "जिंकले काय?"

ते म्हणाले, "व्हय."

त्यांना खोटं बोलता आलं नाही. कोणी तसं विचारलं तर माणसानं निदान मान खाली घालावी, पण त्यांनी खरं उत्तर दिलं.

पुण्यानुमोदनाला बाळापूरहून नरसिंगमामा आले. विधी झाला, लोक उठले, तसे ते अंगणात उभ्या उभ्या बोलले. "जावाईबापू, आमी पोरगी मानसाला दिली व्हती. पटाला न्हाई." आणि लेकीला म्हणाले, "ऊठ. गाठोडं बांध."

भाऊजी म्हणाले, "मामा, तिला नेऊ नका."

"काहून नेऊ नको? तुमच्या घरी तिचं काय हाय आता? काम न्हाई, लेकरू न्हाई. नवरा हाय तो बी दुसरीकडं बसून राहतो."

"मी काम पाहून राहिलो."

"मंग पाहा. बारमाही कामाचा कागद आणून दाखवा, मी सोताहून पोरगी आणून सोडतो. आन् न्हाई आणला तं फारकत लिहून द्या. तिचं वय गेलं न्हाई अजून."

पंचफुला गेली. उंबऱ्यातून उतरताना माझ्या हाताला हात लावला, भाऊजींकडे पाहिलं नाही.

त्यानंतरचं वर्षभर भाऊजींनी पट मांडला नाही. जिनिंग सुरू झालं तसे कामाला लागले, पण ते पुन्हा हंगामापुरतंच. बारमाही कामासाठी ते कोणाकोणाच्या दारात जाऊन बसले ते मला माहीत आहे. पंचफुला नसलेल्या घरात ते जेवायचे, ताट धुऊन ठेवायचे, आणि मला विचारायचे, "वयनी, बाळापूरचं कोणी भेटलं काय बाजारात?" मला कोणी भेटलेलं नसायचं.

वाट दाखवली ती गुलाबचंद शेटजींनी. हिंगोलीत त्यांचं कापडाचं दुकान, आणि बुद्धिबळाचा नाद. ते नवीन कायद्यानं, म्हणजे बाहेरच्या मोठ्या चढाओढीत चालतो त्या कायद्यानं खेळायचे. एक दिवस ते स्वतः आमच्या दारात आले. म्हणाले, "शेषराव, परभणीला जिल्ह्याची स्पर्धा लागली. नांदेडची एक मिल आपली टीम बनवून राहिली. त्यांचे साहेब येणार आहेत. पहिला येईल त्याला कामावर घेणार, पर्मनंट. मी बोलून आलोय."

भाऊजी म्हणाले, "शेठ, मला तुमचा कायदा येत न्हाई."

"शिकवतो की. पट तोच, मोहरी तीच. मारवाड्याला फुकट शिकवताना पाहिलं होतं कधी? आज पाहून घ्या."

भाऊजी हसले. पुष्कळ दिवसांनी हसले म्हणून मी चहात जास्तीची साखर टाकली.

मग रोज संध्याकाळी दुकानाच्या मागच्या खोलीत त्यांची शिकवणी चालू झाली. कापडाच्या गठ्ठ्यांवर पट, शेजारी गजराची दोन घड्याळं, वेळेवर खेळायची सवय व्हावी म्हणून. शेटजींनी सगळं सांगितलं. प्यादं सुरुवातीला दोन घरं जाऊ शकतं. राजानं किल्ल्यात कसं जायचं. मोहऱ्याला हात लावला की तेच चालवायचं. आणि प्यादं शेवटच्या घरात गेलं की हवं ते करता येतं, कोणत्याही रांगेतलं असो, वजीर करा. भाऊजी घरी येऊन मला सांगायचे, "वयनी, नव्या कायद्यात प्याद्याला कुळ विचारत न्हाईत. वजीर हो म्हणलं की वजीर." आणि भाकरीचा एक तुकडा सरकवून मोठ्या तुकड्याच्या जागी ठेवायचे.

पण त्या उडीचं कोणीच काही बोललं नाही. शेटजींच्या मारवाडी घरात जो देशी खेळ होता, त्यात घोडा झाल्याबरोबर उडी मारायची ही रीत नव्हतीच. ती कळमनुरीच्या कचेरीकडची; आमच्या लोकांच्या पटांवर ती चालायची, पण शेटजींनी भाऊजींचं नाव नुसतं ऐकलेलं, त्या पटांजवळ ते कधी बसले नव्हते. अशी काही उडी असते हे शेटजींना माहीत नव्हतं, आणि नव्या कायद्यात ती नसते हे भाऊजींना माहीत नव्हतं. तिथं शिकताना घोड्याच्या रांगेतलं प्यादं वर न्यायची वेळच आली नसेल, किंवा आली तेव्हा शेटजींनी डाव आधीच सोडला असेल. मी हे पुढं पुष्कळदा मनात घोळवलं. त्यात दोष कोणाचाच सापडत नाही, म्हणून जास्त त्रास होतो.

परभणीला भाऊजींबरोबर आमचे हे आणि शेटजी गेले. मी सकाळी बुद्धांच्या तसबिरीपुढं मेणबत्ती लावली, वंदना म्हटली. धम्मात मागणं मागायचं नसतं हे मला कळतं. त्या दिवशी मी मागितलं.

भाऊजी एकेक डाव जिंकत गेले. शेवटचा डाव तिथल्याच शेतकी कॉलेजातल्या एका पोराशी होता. दोघांचे गुण सारखे. जो जिंकेल तो पहिला. मिलचे साहेब खुर्ची जवळ ओढून बसले होते. बाळापूरला आम्ही निरोप धाडला होता, आणि नरसिंगमामांनी उलट निरोप पाठवला होता की कागद हाती येऊ द्या, मी शब्दाचा पक्का हाय. म्हणजे त्या पटावर पंचफुलाच होती म्हणा ना. ते तिथं बसलेल्या तिघांनाच माहीत होतं.

पुढचं आमच्या ह्यांच्या तोंडून ऐकलेलं. पोरगं हुशार होतं. त्यानं भाऊजींच्या राजाला कोंडत आणलं होतं, आणखी एक चाल मिळाली असती तर त्याचं काम झालं असतं. पण पाळी भाऊजींची होती. आणि त्यांचं प्यादं, कडेजवळचं, घोड्याच्या रांगेतलं, शेवटच्या घराच्या दारात उभं होतं. ह्यांना खेळ जेमतेम येतो, पण बापाकडून शिकलेले, त्यांना ते दिसलं. घोडा, उडी, मात. भाऊजींनी प्यादं पुढं सारलं, उचललं, त्या जागी घोडा ठेवला, आणि त्याच हातानं घोड्यानं उडी घेतली. राजाला पळायला एक घर नाही.

"माझ्या तोंडातून 'वा रे शेषा' निघून गेलं," हे म्हणाले. "मला वाटलं जिंकला. अख्ख्या त्या खोलीत आमा दोघांनाच वाटलं."

पोरगं गोंधळलं. म्हणालं, "भाऊ, हे काय केलं? दोन चाली?"

भाऊजी म्हणाले, "दोन कुठं? घोडा झाला की उडी मारतोच."

पंच आले. बिचारे चांगले होते, ओरडले नाहीत. म्हणाले, "तुमच्याकडं रीत असेल. इथं नाही. उडी परत घ्या. घोडा ठेवलाय तो बदलता येत नाही, तो तिथंच राहील. पाळी ह्यांची."

शेटजी मागून कळवळून बोलले, "अहो, वजीर! वजीर केला असता तर तिथूनच मात होती!" पंचांनी त्यांना गप्प केलं.

खरंच होती. वजीर त्या घरातून सरळ रांगेत राजाला भिडत होता. घोडा त्या घरातून कुठंच भिडत नव्हता, नुसता उंबऱ्यात उभा. पोराला हवी होती ती एक चाल मिळाली. त्यानं ती केली आणि डाव संपला. मिलचे साहेब उठून त्या पोराशी हात मिळवायला गेले.

परतीच्या वाटेवर पूर्णेला गाडी बदलायची होती. फलाटावर ह्यांनी चहा आणला तेव्हा भाऊजी म्हणाले, "दादा, बा असता तं म्हणला असता, बराबर खेळला." ह्यांनी कप हातात दिला आणि तोंड दुसरीकडे केलं.

फारकतीसाठी बाळापूरच्या विहारात समाजाची बैठक बसली. मी ह्यांच्याबरोबर गेले होते. बायका एका बाजूला, पंचफुला त्यांत, पदर डोक्यावरून पुढं ओढलेला. नरसिंगमामांनी बैठकीपुढं सगळं सांगितलं आणि मग भाऊजींकडे वळले.

"जावाईबापू, त्या गुलाबचंदानं तुमाला शिकवलं व्हतं का न्हाई, की प्यादं कुठल्या बी रांगेचं असो, वजीर होतं?"

"शिकवलं व्हतं."

"आन् तरी तुमी त्याला घोडाच केलं." मामा लोकांकडे बघून हसले, पण हसण्यात काही नव्हतं. "बाबासाहेबानं आपल्याला सांगितलं, जन्मावरून मानूस ठरत न्हाई. भिंतीवर तसबीर लावून बसले, रोज नमस्कार करून राहिले, आन् पटावर प्याद्याला त्याच्या जातीवर बसवून आले. वा!"

दोघं-चौघं हसले. भाऊजी मांडीवर हात ठेवून ऐकत होते. त्यांनी उलट बोलायला हवं होतं. कोणीतरी म्हातारा कळवळून म्हणाला, "अरे, चुकलं पोरगं. घड्याळाच्या घाईत व्हतं. दुसरी एखादी संधी द्या." नरसिंगमामाही थोडे ढिले झालेले दिसले, कारण त्यांनी पंचफुलाकडे पाहिलं. म्हणाले, "तिलाच विचारा. तिचा संसार हाय."

बैठकीत बाई सहसा बोलत नाही. पंचफुला बसल्या जागेवरून बोलली. आवाज मोठा नव्हता.

"मला एकच विचारायचं हाय. तुमाला तवा तो वजीर दिसला न्हवता का?"

सगळे भाऊजींकडे बघायला लागले. मला वाटलं, आता म्हणा. म्हणा की न्हाई दिसला. डोळ्यांपुढं अंधारी आली, घाई झाली, भान राहिलं नाही. त्यावर सगळ्यांनी मान डोलावली असती, आणि पंचफुला उठून आमच्याबरोबर आली असती. तिनं तो सवाल वाट काढून द्यायलाच विचारला होता, असं मला तेव्हाही वाटलं आणि आजही वाटतं.

भाऊजी म्हणाले, "दिसला व्हता."

"वजिरानं मात व्हत व्हती, ते बी दिसलं?"

"दिसलं. दोन्ही वाटांनी जिंकत व्हतो मी. वजिराची मात सीधी व्हती, कोनी बी केली असती. घोड्याची ब्येस व्हती." मग म्हणाले, "तसली मात मी पुना कधी पाहिली नसती."

पंचफुलानं पदर कपाळावरून मागं सारला. बाहेर कोणाची तरी बैलगाडी गेली, तिची चाकं सगळ्यांना ऐकू आली.

"वाशिमला बी तसंच झालं," ती म्हणाली. "तवा बी तुमाला गाडी दिसत व्हती, आन् पट बी." आणि बापाला म्हणाली, "लिहा."

फारकतीवर भाऊजींनी सही केली. अक्षर सुबक आहे त्यांचं.

पुढच्या वर्षी पंचफुलाचं दुसरं लग्न झालं. कनेरगाव नाक्याला एका बायको वारलेल्या माणसाचं चहा-भज्याचं हॉटेल आहे, त्याच्याशी. माणूस बरा आहे असं ऐकलं.

भाऊजी जिनिंगमध्ये राहिले. मशीनजवळचं काम, जिथं धूळ जास्त तिथं ते स्वतः मागून घ्यायचे, कारण तिथं बोलायला कोणी नसतं. छाती भरत गेली. शेटजी माणुसकीनं येत राहिले. एकदा बँकेत बदलून आलेल्या कोणा हौशी माणसाला घेऊन आले, म्हणाले, "एक डाव मांडा शेषराव, माझ्या शब्दासाठी." भाऊजी बसले. आमच्याच ओसरीवर बसले, म्हणून तो डाव मी आतून पाहिला. सुरुवातीला जपून, एकेक घर बघून चालवत होते, मग हळूहळू तो जुना हात परत आला. शेटजींचा चेहरा उजळायला लागला. एक प्यादं चढत चढत शेवटच्या घराच्या दारात गेलं, आणि भाऊजी उठून उभे राहिले.

"सोडला," म्हणाले.

"अहो, काय करता! जिंकलेला डाव!"

"तुमी जिंकले साहेब." बँकेच्या माणसाला त्यांनी नमस्कार केला आणि खोकत खोकत बाहेर निघून गेले. त्यानंतर त्यांनी पटाला हात लावला नाही. मातीची मोहरी मीच एका मडक्यात घालून माळ्यावर ठेवली. एक-दोन फुटलेली आहेत.

गेल्या हिवाळ्यात हिंगोलीच्या स्टँडवर मला पंचफुला भेटली. अंगानं भरली होती, कडेवर लेकरू. मीच आधी हाक मारली. ती थबकली, मग जवळ येऊन माझ्या पाया पडली. इकडचं तिकडचं बोललो. नाक्यावर आता ट्रक फार थांबतात, भजी पुरत नाहीत, असं सांगत होती. लेकरानं माझ्या बांगड्या ओढल्या. मग तिनं विचारलं, रस्त्याकडे बघत.

"खेळतात काय अजून?"

"न्हाई बाई. सोडला. तुज्यामागं एकदा बसले, तो बी अर्ध्यातून उठले."

मला वाटलं तिला बरं वाटेल. तिचा चेहरा असा झाला की मी कडेवरचं लेकरू घ्यायला हात पुढं केला.

"सोडला?" ती म्हणाली. "आक्का, ज्याच्यापायी माझी सुजाता गेली, मी गेले, तो खेळ बी सोडला त्यांनी? मंग आमी दोघी कशासाठी गेलो?"

वाशिमची गाडी लागली होती, कंडक्टर दारात उभा राहून "चला, चला, नाका, वाशिम" करत होता. तिनं पदर सावरला, लेकरू दुसऱ्या कडेवर घेतलं आणि गर्दीत शिरली. खिडकीतून तिनं मागं पाहिलं नाही.

घरी आले तर भाऊजी जेवायला बसायची वाट पाहत होते. पंचफुला भेटली एवढं सांगून गप्प राहावं असं मनात आलं होतं, पण आमच्या घरात अर्धं सांगायची सवय कोणालाच नाही. ताट वाढता वाढता मी सगळं सांगितलं. तिचं लेकरू, भजी, ट्रक, आणि तिचा तो सवाल, जसाच्या तसा.

भाऊजींनी ताटातली भाकर मोडली नाही. खोकल्याची उबळ आली, ती जाऊ दिली, पाणी प्याले.

"याचा जवाब माज्यापाशी असता, वयनी," ते म्हणाले, "तं मी त्या दिवशी बैठकीतच दिला असता."

मी परातीतल्या पिठावर पाणी घातलं आणि पुढची भाकर थापायला घेतली. बाकीच्यांचं जेवण व्हायचं होतं.